कान भरणे आणि कान देणे

इंग्लंडमधील एका न्यायालयाने १८७८ साली एका आईकडून तिची सात-आठ वर्षांची मुलगी काढून घेतली आणि वडिलांच्या ताब्यात दिली. आई मुलीची हेळसांड करते, असे कोणाचेही म्हणणे नव्हते. आक्षेप होता तो तिच्या विचारांवर. ती निरीश्वरवादी होती आणि आदल्याच वर्षी संततिनियमनावरची एक पुस्तिका छापल्याबद्दल तिच्यावर चार्ल्स ब्रॅडलॉ यांच्यासह खटला झाला होता. अशा बाईच्या सहवासात मुलीचे मन बिघडेल, असे न्यायमूर्ती सर जॉर्ज जेसेल यांना वाटले. ती आई म्हणजे ॲनी बेझंट. मुलगी मेबल. मुलगा डिग्बी १८७३ च्या विभक्तीपासूनच वडिलांकडे होता.

अपिलात बेझंटबाईंना मुलांना भेटण्याचा हक्क मिळाला, पण तो त्यांनी वापरला नाही. प्रत्येक भेटीत मुलांची ओढाताण होते, हे त्यांनी पाहिले आणि मुले स्वतः विचार करण्याइतकी मोठी होईपर्यंत भेटायचे नाही, पत्रही पाठवायचे नाही, असे ठरवले. १८९३ च्या आत्मचरित्रात त्यांनी हे नोंदवले आहे. पुढे सज्ञान झाल्यावर मेबल आणि डिग्बी दोघेही आईकडे परतले.

तीन दशकांनी याच बाई मद्रासमध्ये दुसऱ्या बाजूला उभ्या राहिल्या. अड्यार येथे राहणाऱ्या नारायणय्या या विधुर गृहस्थांनी १९१० साली आपल्या दोन मुलांचे पालकत्व त्यांच्याकडे सोपवले होते. ते मुलगे म्हणजे जे. कृष्णमूर्ती आणि नित्यानंद. पुढे वडिलांचे मन बदलले. १९१२ मध्ये त्यांनी मुले परत मागितली, तोवर मुले इंग्लंडला गेली होती. मद्रासच्या न्यायालयाने १९१३ मध्ये वडिलांच्या बाजूने निकाल दिला, अपिलातही तो कायम राहिला. १९१४ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने तो फिरवला. मुख्य मुद्दा न्यायालयाच्या अधिकारक्षेत्राचा होता, पण आणखी एका गोष्टीवर कौन्सिलने बोट ठेवले. ज्यांच्याबद्दल हा सगळा वाद चालला होता, त्या दोन मुलांना काय वाटते, हे नीट विचारलेच गेले नव्हते.

पहिल्या खटल्यात मुलीचे मन आई बिघडवील, ही भीती होती. दुसऱ्यात मुलांचे मन कोणाच्या प्रभावाखाली आहे, हा प्रश्न होता. दोन्हीकडे निवाडा करणारे विद्वान होते, मात्र मुलाशी कसे बोलावे आणि त्याच्या बोलण्याचा अर्थ कसा लावावा, याचे शिक्षण त्यांच्यापैकी कोणालाही मिळालेले नव्हते. असे काही शिक्षण असते, ही कल्पनाच तेव्हा नव्हती. ती कशी आली, कोणत्या वळणाने गेली आणि आज कोठे अडली आहे, हे पाहण्याचा हा प्रयत्न.

‘समजूतदार पसंती’

आपल्याकडे अजूनही लागू असलेला पालक आणि पाल्य कायदा १८९० चा आहे. त्याच्या सतराव्या कलमात एक लहानसे पोटकलम आहे : अल्पवयीन मूल समजूतदार पसंती ठरवण्याइतके मोठे असेल, तर न्यायालयाने ती पसंती विचारात घेण्यास हरकत नाही. त्या काळाचा विचार करता हे पोटकलम पुढारलेले म्हणावे लागेल. १९४१ साली मुंबई उच्च न्यायालयाने आणखी स्पष्ट केले की, ताबा ठरवताना बापाचे हित किंवा आईचे हित पाहायचे नसून मुलाचे हित पाहायचे आहे. १९५६ च्या हिंदू अज्ञान व पालकत्व कायद्याने हेच तत्त्व पुन्हा लिहून ठेवले आणि पाच वर्षांखालील मूल सामान्यतः आईजवळ असावे, असेही सांगितले.

तत्त्व ठरले, पण पसंती समजूतदार आहे की शिकवलेली, हे ओळखायचे कसे, ते कायद्याने सांगितले नाही. न्यायाधीश मुलाला आपल्या दालनात बोलावत, चार प्रश्न विचारत आणि स्वतःच्या संसारी अनुभवावर मत बनवत. मराठीत या गोष्टीला जुना शब्द आहे : कान भरणे. सासर-माहेरच्या भांडणात, भाऊबंदकीत, वाटणीत मुलांचे कान भरले जातात, हे आपल्याला कोणी शिकवावे लागत नाही. म्हणूनच कदाचित आपल्याला ते सहज ओळखता येते, असाही आपला समज असतो. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील संशोधनाने या समजालाच धक्का दिला.

कॅलिफोर्नियातील मुले

१ जानेवारी १९७० पासून कॅलिफोर्नियात दोष सिद्ध न करता घटस्फोट मिळू लागला. न्यायालयातील दोषारोपांची जागा मुलांच्या ताब्याच्या वादांनी घेतली. लहान मूल आईचेच, हे गृहीतकही त्या दशकात मागे पडले. १९८१ पासून तर तेथे ताब्याचा वाद न्यायाधीशासमोर जाण्याआधी मध्यस्थाकडे जाणे सक्तीचे झाले. म्हणजे मुलांविषयी मत देणारा एक नवाच व्यवसाय उभा राहिला : न्यायालयाचा समुपदेशक, मध्यस्थ, मानसशास्त्रीय मूल्यमापन करणारा.

या काळात ज्युडिथ वॉलरस्टाइन आणि जोन केली या दोन संशोधिकांनी १९७१ पासून ६० विभक्त कुटुंबांतील १३१ मुलांचा पाठपुरावा केला. त्यांना एक गोष्ट आढळली. नऊ ते बारा या वयातील काही मुले रागावलेल्या एका पालकाची बाजू घेऊन दुसऱ्यावर अक्षरशः तुटून पडत. कालपर्यंत ज्या बापाच्या खांद्यावर बसून फिरत, त्याचे नावही आज नको असे. या वयातील मुलांना जग न्याय-अन्यायात विभागलेले दिसते आणि एकाची बाजू घेतली की दोघांच्या मधे उभे राहण्याचा ताण संपतो, असा अर्थ त्यांनी लावला. त्यांचे दुसरे निरीक्षण मात्र पुढे पुष्कळांच्या विस्मरणात गेले. काही काळाने पुन्हा भेटी घेतल्या तेव्हा बहुतेक मुलांमधील हा टोकाचा पक्षपात निवळलेला होता.

या निरीक्षणाला रोगाचे रूप दिले ते रिचर्ड गार्डनर या बालमनोविकारतज्ज्ञाने. १९८५ साली त्याने ‘पेरेंटल एलिएनेशन सिंड्रोम’ हे नाव मांडले. आपण त्याला पालकदुरावा म्हणू. त्याने आठ लक्षणे सांगितली. मूल एका पालकाची सतत निंदा करते, कारणे मात्र फुटकळ देते. त्याला एक पालक संपूर्ण चांगला आणि दुसरा संपूर्ण वाईट वाटतो. हे माझे स्वतःचे मत आहे, असे ते आवर्जून सांगते. प्रत्येक वादात एकाचीच बाजू घेते, दुसऱ्याला दुखावल्याची खंत बाळगत नाही, मोठ्यांच्या तोंडची वाक्ये बोलते आणि त्या पालकाच्या आजी-आजोबांनाही झिडकारते. गार्डनरने सौम्य, मध्यम आणि तीव्र अशा तीन पायऱ्या केल्या. तीव्र प्रकारात उपाय सांगितला तो मूल कान भरणाऱ्या पालकाकडून काढून दुसऱ्याकडे देण्याचा.

ही यादी वाचताना अनेकांना आपल्या ओळखीतील एखादे मूल आठवेल, आणि तिचे आकर्षण तेथेच होते. वकिलांना ती हवीहवीशी वाटली, कारण धूसर दुःखाला वैद्यकीय नाव मिळाले. दुरावलेल्या पालकांना, विशेषतः वडिलांना, आपली व्यथा कोणीतरी ओळखली असे वाटले. ही व्यथा खोटी नव्हती. ज्याने मुलाला अंगाखांद्यावर वाढवले, त्याला तेच मूल रस्त्यात ओळख दाखवेनासे झाले, तर त्याचे दुःख कोणत्याही संज्ञेपेक्षा मोठे असते.

पण यादीत एक खोल दोष होता. मूल बापाला भेटायला नकार देते, याचे एक कारण आईने कान भरले हे असू शकते. दुसरे कारण बापाने खरोखर मारले किंवा अत्याचार केला, हेही असू शकते. दोन्ही मुले भीतीने, रागाने, ठामपणे नकार देतील. ज्याच्या हाती फक्त आठ लक्षणांची यादी आहे, त्याला या दोघांत फरक कसा दिसणार? उलट आई जितका विरोध करील, तितका तो दुराव्याचाच पुरावा ठरतो. सुरुवातीला गार्डनरने बहुसंख्य प्रकरणांत आईलाच जबाबदार धरले होते, पुढे त्याने हे मत सौम्य केले. त्याची पुस्तके बहुतांशी त्याच्या स्वतःच्या प्रकाशनसंस्थेतून निघाली आणि सिद्धान्ताला स्वतंत्र संशोधनाचा आधार फारसा मिळाला नाही. इंग्लंडच्या अपील न्यायालयापुढे २००० साली क्लेअर स्टर्ज आणि डान्या ग्लेझर या बालमनोविकारतज्ज्ञांनी अहवाल दिला, त्यात हा ‘सिंड्रोम’ मान्य करण्यात आला नाही. २०१३ च्या अमेरिकी मनोविकार सूचीतही तो आला नाही.

२००१ साली जोन केली आणि जॅनेट जॉन्स्टन यांनी प्रश्न नव्याने मांडला. पालकाला आरोपी करण्याऐवजी मुलापासून सुरुवात करा, असे त्यांचे म्हणणे होते. त्यांनी एक पट्टा कल्पिला. एका टोकाला दोघांवर माया करणारे मूल, मग एकाकडे थोडे अधिक ओढा असलेले, मग एकाची बाजू घेतलेले, मग वाईट अनुभवामुळे रास्त कारणाने दूर गेलेले आणि शेवटी फारसे कारण नसताना तुटलेले. शेवटच्या दोहोंतील फरक ओळखणे हे तज्ज्ञाचे खरे काम. अनेक कुटुंबांत दोन्ही गोष्टी मिसळलेल्या असतात, हेही पुढच्या अभ्यासकांनी दाखवून दिले : बाप तापट असतो आणि आई त्या तापटपणाचे भांडवलही करते.

सॅम स्टोन बालवाडीत येतो

हा फरक ओळखण्याचे कौशल्य ताब्याच्या खटल्यांतून आले नाही, ते फौजदारी खटल्यांच्या अपयशातून आले. १९८३ मध्ये कॅलिफोर्नियातील मॅकमार्टिन बालवाडीच्या शिक्षकांवर लैंगिक अत्याचाराचे आरोप झाले. शेकडो मुलांच्या मुलाखती घेतल्या गेल्या. बाहुल्या वापरल्या, कबुली देणाऱ्या मुलाचे कौतुक केले, इतर मुलांनी सांगितले म्हणून सुचवले. उत्तरे दिवसेंदिवस अद्भुत होत गेली. १९९० मध्ये खटला संपला तेव्हा एकही दोषी ठरला नव्हता आणि त्या मुलांचे खरोखर काय झाले होते, हे समजण्याची शक्यताही संपली होती.

या धक्क्यानंतर मिशेल लाइश्टमन आणि स्टीफन सेसी यांनी केलेला, १९९५ साली प्रसिद्ध झालेला एक प्रयोग मुद्दाम सांगण्यासारखा आहे. सॅम स्टोन नावाचा एक परका गृहस्थ बालवाडीत आला, दोन मिनिटे थांबला, नमस्कार-चमत्कार करून गेला. त्याने काहीही बिघडवले नाही. काही मुलांना मात्र तो यायच्या आधी कित्येक आठवडे सॅम फार धांदरट आहे, हातातील वस्तू मोडतो, अशा गोष्टी सांगितल्या होत्या. नंतर त्यांना सूचक प्रश्न विचारले गेले : सॅमने पुस्तक फाडले, ते गंमत म्हणून की रागाने? दहा आठवड्यांनी नव्या माणसाने विचारले, तेव्हा या गटातील तीन-चार वर्षांच्या बहुसंख्य मुलांनी सॅमने पुस्तक फाडल्याचे किंवा अस्वल मळवल्याचे सांगितले, तेही बारीकसारीक तपशिलासह. ज्यांना आधी काही सांगितले नव्हते आणि सूचक प्रश्नही विचारले नव्हते, त्या मुलांनी असे आरोप जवळजवळ केलेच नाहीत.

म्हणजे लहान मूल मुळात अविश्वसनीय नसते. त्याचे कान आधीपासून भरले आणि वर प्रश्नही चुकीचा विचारला, की त्याची साक्ष बिघडते. पुढचा भाग अधिक अस्वस्थ करणारा आहे. या मुलांच्या चित्रफिती सेसी यांनी मुलांच्या साक्षीचा अनुभव असलेल्या व्यावसायिकांना दाखवल्या. कोणते मूल खरे बोलते आहे, हे त्यांनाही विश्वासार्हपणे ओळखता आले नाही. सर्वांत खोटी हकिकत सांगणारी मुले त्यांना खरी वाटली. नुसत्या अनुभवाने माणूस निवाडा आत्मविश्वासाने करतो, पण तो बरोबरच करतो असे नाही.

या अभ्यासांतून मुलाखतीची एक शिस्त तयार झाली. मायकेल लॅम्ब आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अमेरिकेच्या नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ चाइल्ड हेल्थ अँड ह्यूमन डेव्हलपमेंट या संस्थेत ती बांधली. सुरुवातीला मुलाला सांगायचे : माहीत नसेल तर माहीत नाही म्हण, माझे चुकले तर मला सांग. मग एखाद्या साध्या प्रसंगाबद्दल, वाढदिवसाबद्दल म्हणा, त्याला सविस्तर बोलते करायचे. मुख्य विषयाकडे आल्यावर ‘काय झाले ते सगळे सांग’ इतकेच म्हणायचे आणि थांबायचे. हो-नाहीचे प्रश्न अगदी शेवटी, तेही नाइलाज असेल तरच. ऐकायला सोपे आहे. प्रत्यक्षात थांबणे फार अवघड जाते, असे लॅम्ब यांच्या गटालाच आढळले. प्रशिक्षण घेतलेले मुलाखतकार जोवर त्यांच्या मुलाखतींवर नियमित अभिप्राय मिळत होते, तोवर चांगले काम करीत. अभिप्राय बंद झाले की जुन्या सवयी परत येत. एक कार्यशाळा आणि एक प्रमाणपत्र यांनी हे काम होत नाही, हा या संशोधनाचा धडा आहे. ताब्याच्या प्रकरणांसाठी तो तितकाच लागू पडतो.

नावाची लढाई

दुर्दैवाने नंतरच्या काळातील चर्चा या धड्याभोवती न फिरता नावाभोवती फिरली. ब्राझीलने २०१० मध्ये पालकदुराव्यावर स्वतंत्र कायदाच केला. जागतिक आरोग्य संघटनेच्या अकराव्या रोगसूचीच्या अनुक्रमणिकेत ही संज्ञा काही काळ होती, २०२० मध्ये ती काढण्यात आली. २०२३ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या विशेष प्रतिवेदक रीम अल्सालेम यांनी न्यायालयांत या संज्ञेचा वापर बंद करावा, अशी शिफारस केली. घरातील हिंसा झाकण्यासाठी ती वापरली जाते, हा त्यांचा मुख्य आक्षेप होता. जोन मायर यांनी २०१९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अमेरिकी निकालांच्या अभ्यासात, वडिलांनी दुराव्याचा दावा केला की आईच्या अत्याचाराच्या तक्रारीवर न्यायालयाचा विश्वास कमी होतो, असे दिसले. इतर संशोधकांनी त्या निष्कर्षांना आव्हान दिले. आज दोन छावण्या आहेत आणि प्रत्येकीचे शिबिरार्थी आपापला धडा शिकून न्यायालयात येतात.

या गदारोळात प्रशिक्षणाबद्दल दोन ठोस पावले पडली. पेन्सिल्व्हेनियात २०१८ मध्ये एका सात वर्षांच्या मुलीचा, न्यायालयाने ठरवून दिलेल्या भेटीच्या वेळी, वडिलांनी खून केला. तिच्या नावाने ओळखला जाणारा ‘केडन्स लॉ’ २०२२ मध्ये अमेरिकेच्या संघीय कायद्यात आला. जी राज्ये ताब्याच्या प्रकरणांतील न्यायाधीशांना व कर्मचाऱ्यांना कौटुंबिक हिंसा व बालअत्याचाराविषयी सुरुवातीला किमान २० तास आणि पुढे दर पाच वर्षांनी किमान १५ तास प्रशिक्षण देतील, त्यांना निधीचे प्रोत्साहन आहे. इंग्लंडमध्ये २०२३ च्या एका निकालात सर अँड्र्यू मॅकफार्लेन यांनी वेगळ्याच गोष्टीकडे लक्ष वेधले. तेथे नुसते ‘सायकॉलॉजिस्ट’ हे बिरुद कायद्याने राखीव नाही, कोणीही ते लावू शकतो. तज्ज्ञ कोण, त्याची पात्रता काय, हे न्यायालयाने आधी तपासले पाहिजे. कोणी कान भरले का, हे सांगायला येणाऱ्याने ऐकायचे शिक्षण घेतले आहे का, एवढाच तो प्रश्न.

आपल्याकडे

आपल्याकडची कहाणी सुरू होते ती मुंबईत. १९३६ मध्ये सर दोराबजी टाटा यांच्या नावाने समाजकार्याचे पदव्युत्तर विद्यालय सुरू झाले, तेच आजचे टाटा समाजविज्ञान संस्थान. पुढच्याच वर्षी तेथे देशातील पहिले बालमार्गदर्शन केंद्र उघडले. मुलाच्या अडचणीकडे केवळ खोडी म्हणून न पाहता घरातील नातेसंबंधांसह पाहायचे, ही दृष्टी त्या केंद्राबरोबर आली.

दुसरा धागा न्यायालयाचा. दुर्गाबाई देशमुख १९५३ च्या चीन दौऱ्याहून परतल्या त्या कौटुंबिक न्यायालयाची कल्पना घेऊन. न्या. छागला आणि न्या. गजेंद्रगडकर यांच्याशी त्यांनी त्यावर चर्चा केली. कायदा व्हायला १९८४ उजाडले आणि महाराष्ट्रात पुणे व मुंबई येथे ही न्यायालये १९८९ मध्ये सुरू झाली. या कायद्याने समुपदेशकाला न्यायालयाच्या रचनेतच स्थान दिले आणि बाहेरील वैद्यकीय वा कल्याणतज्ज्ञाची मदत घेण्याचीही सोय ठेवली. महाराष्ट्राने समुपदेशकांसाठी समाजकार्यातील पदव्युत्तर शिक्षणाची अट घातली. हा पाया चांगला होता.

पण समुपदेशकाची मूळ भूमिका संसार सावरण्याची, निदान तडजोड घडवण्याची. मध्यस्थांना दिले जाणारे ४० तासांचे प्रशिक्षणही दोन पक्षांत समेट कसा करावा, याचे असते. मुलाशी बोलणे ही निराळी विद्या आहे. तडजोडीची घाई असलेल्याला मुलाचा नकार हा अडथळा वाटू शकतो. मुलाचे ऐकणाऱ्याला तोच नकार माहितीचा तुकडा वाटायला हवा.

सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल येथे शेजारी ठेवून वाचावेत. २०१७ मध्ये न्या. सिक्री यांच्या खंडपीठापुढे आठेक वर्षांच्या मुलीचे प्रकरण आले. ती अगदी लहानपणापासून वडिलांकडे होती आणि तिला तेथेच राहायचे होते. आईचा सहवासच मिळाला नसताना या पसंतीला कितपत वजन द्यायचे, असा विचार करून न्यायालयाने पालकदुराव्याच्या संज्ञेचा उल्लेख केला आणि निदान एक वर्ष मुलगी आईकडे राहावी, असे ठरवले. मे २०२४ मध्ये दुसऱ्या प्रकरणात मुले पुन्हा वडिलांकडेच होती, तेथेच राहू इच्छीत होती आणि दुराव्याचा आरोप आईने केला होता. या वेळी न्यायालयाने बजावले की कान भरण्याचे प्रत्यक्ष प्रसंग दाखवल्याशिवाय कोणत्याही पालकावर हा शिक्का घाईने मारू नये. मुले वडिलांकडे राहिली.

दोन्ही निकालांत आरोप वडिलांवर होता, म्हणजे गार्डनरच्या सुरुवातीच्या चित्राच्या अगदी उलट. निकाल वेगळे लागले, पण दुसऱ्या निकालाने दाखवलेली वाट महत्त्वाची आहे. नाव बाजूला ठेवा, प्रसंग सांगा. कोणता फोन लागू दिला नाही, कोणती सुट्टी रद्द केली, मुलासमोर काय बोलले गेले, आणि दुसऱ्या बाजूला मुलाने स्वतः काय पाहिले, काय सोसले. हे प्रसंग गोळा करायला मुलाशी सवडीने, पुन्हा पुन्हा, सूचक प्रश्न न विचारता बोलणारे माणूस लागते. ते एका तारखेच्या अर्ध्या तासात होत नाही.

चूक दोन्ही बाजूंनी होऊ शकते आणि दोन्ही चुकांची किंमत मूलच देते. मारणाऱ्या बापाकडे किंवा आईकडे मूल परत पाठवले गेले, तर त्याचा जीवही जाऊ शकतो. मायाळू पालक नाहक दूर केला गेला, तर मूल अर्धे घर आणि अर्धे आजोळ गमावते, आणि मोठेपणी आपण कोणाला का झिडकारले, याचा हिशेब त्याला एकट्याने मांडावा लागतो. म्हणून एकाच छावणीचे प्रशिक्षण धोक्याचे ठरते. हिंसा ओळखायला शिकलेल्याने कान भरणेही ओळखायला शिकले पाहिजे, आणि उलटही. त्यानंतरही त्याच्या मुलाखती वर्षानुवर्षे कोणीतरी तपासत राहिले पाहिजे.

बेझंटबाईंची मुले सज्ञान झाल्यावर परतली, कारण आईने वाट पाहिली. सगळ्यांच्या वाट्याला इतकी वर्षे आणि इतका संयम येत नाही. १८९० च्या कायद्याने मुलाची समजूतदार पसंती विचारात घेण्याची मुभा दिली, त्याला आता एकशे तीस वर्षांहून अधिक काळ लोटला. ती समजूत नीट ऐकू येईल, असा कान तयार करण्याचे काम त्या कायद्याच्या मानाने फार उशिरा सुरू झाले. समुपदेशकाच्या खोलीत आज बसलेल्या मुलासाठी ते काम किती पुढे गेले आहे, यावर त्याचे पुढचे घर ठरणार आहे.